शंभरातला एक लिटर : मुंबईच्या २२७ नगरसेवकांना खुले पत्र

प्रति,
सर्व नगरसेवक व नगरसेविका,
बृहन्मुंबई महानगरपालिका, महापालिका मार्ग, मुंबई.

विषय : धरणांच्या तालुक्यांना पिण्याच्या पाण्यातला हिस्सा मिळणेबाबत.

सस्नेह नमस्कार.

तुम्ही आमचे लोकप्रतिनिधी नाही. आमच्यातल्या एकानेही तुम्हाला मत दिलेले नाही आणि कधी देताही येणार नाही. तरी हे पत्र तुम्हालाच लिहायचे ठरवले, कारण मुंबईला पाणी देणारी धरणे ज्यांच्या भागात आहेत त्या शहापूर, वाडा, मोखाडा या तालुक्यांविषयीचे सगळ्यांत मोठे निर्णय आमच्या तहसील कचेरीत होत नाहीत. इथून रोज किती पाणी न्यायचे, पुढचे धरण कुठल्या नदीवर बांधायचे, हे मंत्रालयात आणि तुमच्या सभागृहात ठरते. आमदार-खासदारांना निवेदने देऊन झाली, पंचायत समितीवर हंडा मोर्चे नेऊन झाले. प्रत्येक वेळी निवेदन स्वीकारले जाते, फोटो निघतो आणि पाऊस पडला की विषय वाहून जातो.

मी शहापूर तालुक्यातल्या एका गावच्या ग्राम पाणीपुरवठा व स्वच्छता समितीची सदस्य आहे. नाव एवढे लांबलचक, पण काम एकच : पाणी का आले नाही याचे उत्तर बायकांना देणे.

तुमच्या शहराला सात तलाव पाणी देतात. जुलैमध्ये ते भरू लागले की बातम्या येतात, कुठला ओसंडला याचे व्हिडिओ फिरतात. त्यांतले विहार आणि तुळशी तेवढे मुंबईत, आणि त्या दोघांचे मिळून पाणी एकूण साठ्याच्या अडीच टक्क्यांच्या आत. बाकीचे सगळे ठाणे, पालघर आणि नाशिक जिल्ह्यांतले. तानसा १८९२ सालचे, म्हणजे गोऱ्या साहेबाने बांधलेले. मग मोडकसागर, ऊर्ध्व वैतरणा, भातसा आणि अगदी अलीकडे २०१४ मध्ये पुरे झालेले मध्य वैतरणा. एकट्या भातशातून तुमचे जवळपास निम्मे पाणी येते. म्हणजे सव्वाशे-दीडशे वर्षे एकाच दिशेने पाणी चालले आहे आणि वाटेत ज्यांच्या शेतातून, जंगलातून, पाड्यावरून ते जाते त्यांची मोजदाद अजून कुठल्याही वहीत झालेली नाही.

तर ती मोजदाद मी करते. फार शिकलेली नाही, पण एवढा हिशेब जमतो.

मुंबई रोज साधारण ३,९०० दशलक्ष लिटर पाणी उचलते. आता शहापूर, वाडा, मोखाडा आणि जव्हार हे चार तालुके धरा. २०११ च्या जनगणनेप्रमाणे चारही तालुक्यांची मिळून लोकसंख्या सात लाखांच्या थोडी वर. केंद्राच्या जल जीवन मिशनने खेड्यातल्या माणसाला रोज ५५ लिटर पाणी द्यायचे ठरवले आहे. सात लाख माणसे गुणिले ५५ लिटर केले की उत्तर येते साधारण ३९ दशलक्ष लिटर. तुम्ही नेता त्यातल्या शंभर लिटरमागे एक लिटर. गेल्या पंधरा वर्षांत माणसे वाढली, म्हणून नऊ लाख धरली तरी सव्वा लिटर होते. चार तालुक्यांतल्या शेवटच्या पाड्यावरच्या शेवटच्या म्हातारीपर्यंत सगळ्यांची वर्षभराची तहान भागायला एवढेच लागते.

आणि तुमच्याच पालिकेचे अधिकारी सांगतात की शहरात पोहोचलेल्या पाण्यातले सुमारे एक तृतीयांश गळतीत, चोरीत आणि बेहिशेबी वापरात जाते. आम्ही मागतो ते त्या गळतीच्या शंभरातले तीन लिटर. म्हणून "मुंबईलाच पाणी पुरत नाही, तुम्हाला कुठून देणार" हे उत्तर कृपया देऊ नका. ते उत्तर आम्ही ऐकले आहे.

बाहेरच्या माणसाला आमच्याकडचा उन्हाळा खरा वाटत नाही. पावसाळ्यात येणारे पर्यटक धबधबे बघतात, हिरवे डोंगर बघतात आणि म्हणतात, इथे कसली पाणीटंचाई! जव्हार-मोखाड्यात पाऊस धो धो पडतो, कोकणासारखा. पण खाली काळा कातळ आहे, माती वीतभर. पाणी जिरत नाही, उतारावरून नदीत जाते आणि नदीतून तुमच्या धरणात. तुमचे धरण भरते त्याचेही कारण हेच आणि आमची विहीर आटते त्याचेही कारण हेच. शिमगा झाला की विहिरींचा तळ दिसू लागतो. मग ओहोळाच्या वाळूत खड्डा करायचा, त्यात वाटीने पाणी भरत बसायचे. एका कळशीला अर्धा तास लागतो कधी कधी.

मग टँकर. तहसीलच्या टंचाई आराखड्यात गावाचे नाव यावे लागते, मग ग्रामसेवकाचा प्रस्ताव, मग पाहणी, मग मंजुरी. टँकर आला तरी तो घरोघर पाणी देत नाही. तो विहिरीपाशी येतो, ड्रायव्हर जाडा पाइप विहिरीत सोडतो आणि दहा-पंधरा मिनिटांत सगळा टँकर त्या आटलेल्या विहिरीत रिकामा करून निघून जातो. तळचा गाळ ढवळून वर येतो. मग कठड्याभोवती पंचवीस-तीस बायका, प्रत्येकीच्या हातात दोर आणि डबा. डबे एकमेकींवर आपटतात, दोर गुंततात, खालचे पाणी चहासारखे होते. ज्या घरात दोर ओढणारे दणकट हात जास्त, त्या घराला पाणी जास्त. एकट्या म्हातारीला शेवटचे, गाळाचे. ते फडक्याने गाळायचे, तुरटी फिरवायची, रात्रभर निवत ठेवायचे. सरकारी मापाने टँकरचे पाणी माणशी वीस लिटर. कागदावर ते सगळ्यांना सारखे मिळते. विहिरीच्या कठड्यावर उभे राहिले की कळते कसे ते.

या सगळ्यात सर्वांत बोचणारी गोष्ट पाण्याची नाही, तर पाण्याच्या पाइपची आहे. माणूस आत उभा राहील एवढ्या व्यासाच्या तुमच्या जलवाहिन्या आमच्या शेतांमधून जातात. त्यांच्या एअर व्हॉल्व्हमधून थेंब थेंब पाणी गळते. उन्हाळ्यात बायका तिथे हंडे लावतात. पहारेकरी भला असला तर बघून न बघितल्यासारखे करतो, नसला तर हाकलतो. ज्या नदीवर आमच्या आज्या कपडे धूत होत्या, तिचे पाणी आम्ही आता चोरून भरतो.

आता सरकारी योजनांविषयी, कारण तुम्ही म्हणाल, हे काम जिल्हा परिषदेचे, राज्याचे, केंद्राचे. तिथे काय झाले ते सांगते.

१५ ऑगस्ट २०१९ ला जल जीवन मिशन जाहीर झाले. २०२४ पर्यंत खेड्यातल्या घराघरात नळ येणार होता. ती मुदत आता २०२८ पर्यंत गेली आहे. आमच्याकडे काम झाले नाही असे नाही. टाकी उभी राहिली, रंग लागला, घरापुढे नळाचे खांब रोवले, त्यावर तोट्या बसल्या. मग ठेकेदाराचा माणूस योजना हस्तांतराचा कागद घेऊन आला : "ताई, सही करा, पाणी येईल." मी म्हटले, आधी पाणी येऊ दे, मग सही. तो चार वेळा आला. शेवटी म्हणाला, तुमच्या सहीवाचून काही अडत नाही. खरेच अडले नसावे. नळाच्या खांबांना आता बकऱ्या बांधतात.

असे का होते? सरकारी भाषेत ज्याला 'उद्भव' म्हणतात, तो चुकलेला असतो. म्हणजे योजनेला पाणी कुठून येणार ती जागा. बहुतेक पाड्यांच्या योजनांचा उद्भव असतो ओढ्याकाठी खणलेली विहीर नाही तर बोअर. अंदाजपत्रक पावसाळ्यानंतर होते तेव्हा तिथे पाणी असते. मार्चमध्ये विहीर कोरडी, टाकी कोरडी, खांब कोरडा. मग जिथे बारमाही पाणी आहे, म्हणजे धरणात, तिथून का घेत नाहीत? कारण पाडे डोंगरावर, धरण खाली. पाणी उपसून चढवावे लागते. पंपाचे वीजबिल ग्रामपंचायतीने भरायचे. जिथली अर्धी माणसे दिवाळीनंतर वीटभट्टीवर भिवंडी-वसईकडे जातात, ती ग्रामपंचायत पाणीपट्टी वसूल करणार कुणाकडून आणि बिल भरणार कशातून? दोन-तीन बिले थकली की मीटर तोडतात. कोट्यवधींची योजना काही हजारांच्या बिलापायी बंद पडलेली मी पाहिली आहे.

इगतपुरी तालुक्यातले भावली धरण घाटाच्या वर आहे. तिथून पाणी उताराने खाली शहापूर तालुक्यात आणायची योजना निघाली ती याचसाठी : ९७ गावे आणि २५९ पाड्यांना, उपसा आणि वीजबिलाची कटकट न ठेवता. कल्पना शहाणपणाची आहे. मंजूर व्हायला मात्र तिला वर्षे लागली आणि तोवर आमच्या आणखी एका पिढीच्या मुली डोक्यावर चुंबळ ठेवायला शिकल्या. मुंबईला पाणी न्यायला कितीतरी किलोमीटरचे बोगदे होतात, तिथे डोंगर आड येत नाही. पाच किलोमीटरवरच्या पाड्याला न्यायचे म्हटले की लगेच भूगोल आठवतो.

मी मुंबईवर चिडून लिहीत नाही, हेही सांगते. माझी भाची मुलुंडला राहते, तिच्या नळाला येणारे पाणी आमच्याच भागातले आणि त्याचा मला राग नाही. शिवाय तुमच्या शहरातही सगळ्यांना पाणी सारखे नाही. बेकायदा ठरवलेल्या झोपड्यांना नळजोडणी मिळावी म्हणून लोकांना उच्च न्यायालयात जावे लागले. न्यायालयाने डिसेंबर २०१४ मध्ये सांगितले की झोपडी बेकायदा असली तरी माणसाला पाणी नाकारता येत नाही. पुढे २०२२ मध्ये पालिकेने 'सर्वांसाठी पाणी' असे धोरण आणले. मानखुर्दची बाई पहाटे तीनला पाण्यासाठी उठते आणि आमच्याकडची बाईही पहाटे तीनलाच उठते. त्या दोघींची एकमेकींशी स्पर्धा लावू नका. टँकरमालक सोडला तर त्यात कुणाचा फायदा नाही.

"पालिकेला हद्दीबाहेर खर्च करता येत नाही" हे दुसरे उत्तर. तानसा, मोडकसागर, मध्य वैतरणा पालिकेच्याच मालकीची आहेत. तिथे पालिकेचे कर्मचारी आहेत, वसाहती आहेत, रस्ते आहेत, विश्रामगृहे आहेत. सगळे हद्दीबाहेर. वाटेवरच्या ठाणे, भिवंडीला पालिका रोज दीडशे दशलक्ष लिटरच्या आसपास पाणी देते, तेही हद्दीबाहेरच. भिवंडीला देता येते पण पाइप जिथून निघतो तिथल्या पाड्याला देता येत नाही, असा कुठला कायदा असेल तर तो दाखवावा.

आता मुद्द्याचे. आम्हाला मेहेरबानी नको, हिस्सा हवा, आणि हिस्सा ही काही मी काढलेली कल्पना नाही. डोंगरी राज्यांत जलविद्युत प्रकल्प होतो तेव्हा त्या राज्याला १२ टक्के वीज फुकट मिळते आणि २००८ च्या जलविद्युत धोरणाप्रमाणे त्यावर आणखी १ टक्का स्थानिक भागाच्या विकासासाठी. खाणी असलेल्या जिल्ह्यांसाठी २०१५ मध्ये कायदा बदलून जिल्हा खनिज प्रतिष्ठान आले आणि खाणवाल्याला रॉयल्टीवर ठरावीक रक्कम त्या जिल्ह्यासाठी भरावी लागते. म्हणजे जमिनीतून दगड काढला तर तिथल्या माणसाचा हिस्सा, नदीतून वीज काढली तर तिथल्या माणसाचा हिस्सा. पिण्याचे पाणी काढले तर काहीच नाही.

पालिकेने धरणावर उचललेल्या प्रत्येक हजार लिटरमागे २५ पैसे वेगळे ठेवावेत. रोजचे होतात पावणेदहा लाख रुपये, वर्षाचे साधारण साडेपस्तीस कोटी. पालिकेचे २०२५-२६ चे अंदाजपत्रक ७४,४२७ कोटींचे होते, त्यात हा आकडा शोधायला भिंग लागेल. हा पैसा थेट ग्राहकावर टाकला तरी पाच माणसांच्या कुटुंबाला, तुमची गळती धरूनसुद्धा, महिन्याला दहा रुपयांच्या आत पडेल. सध्या तुमच्याकडे घरगुती पाणी हजार लिटरला सहा-सात रुपयांच्या आसपास मिळते. तुलनेसाठी सांगते : आमच्या बाजारात वीस लिटरचा जार याहून कितीतरी महाग पडतो.

साडेपस्तीस कोटींत नवे धरण होत नाही, मला कळते. पण त्यात उपसा पंपांची वीजबिले भरता येतात, आणि खरी अडचण तीच आहे. पाणीपुरवठा करणारा माणूस पगारावर ठेवता येतो. जुन्या योजनांचा उद्भव बदलून धरणावर नेता येतो. बंद योजना सुरू करायला नव्या योजनेएवढा पैसा लागत नाही, पण जुन्या योजनेचे उद्घाटन करता येत नाही, म्हणून त्यात कुणाला रस नसतो.

पैसा कुणाच्या हाती द्यायचा, हाही प्रश्न तुम्ही विचाराल, आणि विचारायलाच हवा, कारण मधल्या पायऱ्यांवर गळती तुमच्याच शहरात होते असे नाही. शहापूर, वाडा, मोखाडा, जव्हार हे चारही तालुके राज्यघटनेच्या पाचव्या अनुसूचीतल्या आदिवासी क्षेत्रात येतात. इथे पेसा, म्हणजे आदिवासी भागांत ग्रामसभेला अधिकार देणारा कायदा, लागू आहे. आदिवासी उपयोजनेतला ५ टक्के निधी राज्य सरकार अशा ग्रामपंचायतींना थेट देते आणि तो कशावर खर्चायचा ते ग्रामसभा ठरवते. वाट तयार आहे. त्याच वाटेने हा निधी यावा आणि गावातल्या फलकावर त्याचा हिशेब लागावा. ग्रामसभेत वाद होतील, चुकाही होतील. पण नळाला पाणी आले की नाही, हे आमच्यापासून लपवता येत नाही.

शेवटचे, गारगाईविषयी. वाडा तालुक्यात ओगदे इथे गारगाई नदीवर धरण बांधून मुंबईला आणखी ४४० दशलक्ष लिटर पाणी न्यायचा प्रस्ताव आहे. सहा गावे त्यात बाधित होतील, जागा तानसा अभयारण्यातली आहे, झाडे लाखांत तोडावी लागतील. मला झाडांविषयी, बिबट्यांविषयी बोलता येत नाही, त्यासाठी दुसरे लोक आहेत. मी एवढेच विचारते की जुन्या धरणांनी विस्थापित झालेल्यांचे, त्यांच्या काठावर राहणाऱ्यांचे पाणी आधी का देत नाही? ओगद्याच्या माणसाला तुम्ही काय सांगणार आहात? तानशाच्या, भातशाच्या माणसाकडे बघ, असे? तो बघतोच आहे. म्हणून तर विरोध करतो.

तुमच्या सभागृहात 'ठरावाची सूचना' मांडता येते, एवढे मला माहीत आहे. कुठल्याही पक्षाचा एक नगरसेवक पुरे. मसुदा आम्हीच केला आहे, वकिलाला दाखवला नाही :

"मुंबईस पाणीपुरवठा करणाऱ्या जलाशयांच्या क्षेत्रातील शहापूर, वाडा, मोखाडा व जव्हार तालुक्यांतील गावे व पाडे यांच्या पिण्याच्या पाण्याकरिता, महानगरपालिकेने जलाशयातून उचललेल्या पाण्याच्या दर हजार लिटरमागे २५ पैसे इतकी रक्कम प्रतिवर्षी स्वतंत्र लेखाशीर्षाखाली ठेवावी, सदर निधी ग्रामसभांमार्फत खर्च करण्यात यावा, जलाशयापासून व जलवाहिनीपासून नजीकच्या गावांना थेट जोडणी देण्यात यावी, आणि हे काम पूर्ण झाल्याखेरीज नवीन धरणाच्या कामास आरंभ करू नये, अशी ही महानगरपालिका ठराव करते."

शब्द कमी-जास्त करा. कायदा विभागाला हवी ती कलमे घाला. नाव बदलायचे असेल, एखाद्या नेत्याचे द्यायचे असेल, तरी आमची हरकत नाही. २५ चा आकडा आणि शेवटची अट मात्र तशीच ठेवा. जल अभियंता खात्याकडून आकडे मागवा, आमचे चुकले असतील तर कळवा. उत्तर ग्रामपंचायतीच्या पत्त्यावर पाठवले तरी मिळते, आणि एप्रिल-मेमध्ये स्वतः यायचे असेल तर कसारा लोकल पकडून आसनगावला उतरा, पुढे शेअर रिक्षा आहे. येताना पिण्याचे पाणी सोबत आणा.

आपली,
ग्राम पाणीपुरवठा व स्वच्छता समितीची एक सदस्य,
ता. शहापूर, जि. ठाणे